काल्पनिक जगासाठी जादुई हवामान कसं रचावं: ‘उणवारा’ पायरीपायरीने

फँटसी कादंबरीत किंवा खेळात जादुई वादळ आणायचं ठरलं की पहिला मोह रंगांचा होतो. जांभळे ढग, हिरवी वीज, गाणारा पाऊस. पान-दोन पानं हे खपून जातं. मग चाणाक्ष वाचक विचारायला लागतो: या पावसात छपरं कशी टिकतात? जनावरं कुठे बांधतात? वादळ येतंय हे गावाला कळतं कसं? लेखकाकडे उत्तरं नसली की वादळाचा धाक संपतो आणि सजावट तेवढी उरते.

आमची पद्धत उलट्या बाजूने सुरू होते. एकच नियम, त्याला एक आकडा आणि एक ठाम हद्द. बाकी सगळं नेहमीच्या भौतिकशास्त्राकडून करून घ्यायचं. खाली एक घटना पहिल्यापासून शेवटपर्यंत रचून दाखवली आहे. तिचं नाव उणवारा: जमिनीवरून सरकत जाणारा एक पट्टा, ज्यात सगळ्याचं वजन घटतं. तुमची घटना वेगळी असेल, पायऱ्या याच राहतील.

पायरी १: नियम एका वाक्यात लिहा, आकड्यासकट

उणवाऱ्याच्या पट्ट्यात प्रत्येक वस्तूचं वजन एक चतुर्थांश होतं. वस्तुमान मात्र तेवढंच राहतं.

‘सगळं हलकं होतं’ असं लिहून भागत नाही. किती हलकं, हे ठरलं नाही तर तिसऱ्या प्रकरणात घोडा उडेल आणि सातव्यात साधी घागर उचलायला दोन माणसं लागतील. एक चतुर्थांश निवडण्यामागे सोय आहे. पडण्याचा वेळ, लंबकाचा झोका, पाण्याचा वेग ही सगळी गणितं गुरुत्वाच्या वर्गमूळावर चालतात, आणि पावचं वर्गमूळ सरळ अर्धा येतं. एक नवमांश घेतलंत तर एक तृतीयांश येईल. एक तृतीयांश वजन घेतलंत तर प्रत्येक प्रसंगात १.७३ ने गुणत बसावं लागेल.

वाक्याचा दुसरा भाग पहिल्याइतकाच महत्त्वाचा आहे. वजन घटलं तरी जडत्व घटत नाही. ६० किलोचा माणूस पट्ट्यात १५ किलोसारखा उचलता येईल, पण तो धावत येऊन भिंतीवर आदळला तर पूर्ण ६० किलोचा मार बसेल. नवख्या लेखनात सर्वाधिक चुका इथेच होतात.

नियमाखाली लगेच तीन नकार लिहून ठेवा. उणवारा जखमा भरत नाही. तो मनावर परिणाम करत नाही. तो खलनायक आणि नायक यांच्यात फरक करत नाही. हवामान कुणाची बाजू घ्यायला लागलं की ते हवामान राहत नाही, ते पात्र होतं.

पायरी २: हद्द आखा, आणि हवेचं काय होतं ते आधी तपासा

पट्ट्याला उंची, रुंदी, काठाची जाडी आणि सरकण्याचा वेग हवा. यांपैकी उंचीचा आकडा सर्वांत धोकादायक आहे, कारण हवेलाही वजन असतं आणि नियम ‘प्रत्येक वस्तूला’ लागू आहे.

समुद्रसपाटीला हवेचा दाब सरासरी १०१३ हेक्टोपास्कल असतो. समुद्रसपाटीवर आजवर मोजलेला सर्वांत कमी दाब ८७० हेक्टोपास्कल, १९७९ सालच्या ‘टिप’ या टायफूनमधला. उणवाऱ्याला वरची हद्दच नसेल, तर पट्ट्यातला दाब साधारण २५३ वर येईल. आजूबाजूची हवा अशा जोराने आत घुसेल की तिथे गाव उरणार नाही आणि तुमची कथाही उरणार नाही. म्हणून पट्टा बुटका ठेवायचा.

किती बुटका, याचा हिशेब सोपा आहे. पट्ट्याची उंची मीटरमध्ये घ्या, तिला १५ ने गुणा आणि वर्गमूळ काढा. काठावरून आत घुसणाऱ्या वाऱ्याचा कमाल वेग मीटर प्रति सेकंदात मिळेल. उंची १० मीटर असेल तर वेग साधारण १२, म्हणजे ताशी ४४ किलोमीटर. २० मीटरला १७, म्हणजे ताशी ६२. १०० मीटरला जवळपास ३९, म्हणजे ताशी १४० आणि थेट चक्रीवादळ. प्रत्यक्षात जमिनीच्या घर्षणाने वेग याहून कमीच भरेल, पण अंदाजाला हे पुरतं. हा १५ चा गुणक पाव वजनासाठीच आहे. तुमचा आकडा वेगळा असेल तर वजनातली घट (इथे ०.७५) आणि १९.६ यांचा गुणाकार करून नवा गुणक काढा.

आपण २० मीटर घेऊ. रुंदी ५ किलोमीटर, सरकण्याचा वेग ताशी १० किलोमीटर, काठाची जाडी ३० मीटर. म्हणजे कुठल्याही एका जागेवरून पट्टा जायला अर्धा तास लागतो, आणि वजन जायला किंवा परत यायला सुमारे ११ सेकंद. वारा काठाशी जोराचा आणि आत गेल्यावर जवळजवळ शांत. ही मधली शांत वीस-पंचवीस मिनिटं पुढे फार कामाला येतात.

यातली खरी गंमत अशी की उणवाऱ्यातला वारा आपण वेगळा घातलेला नाही. तो वजन घटण्याच्या नियमातूनच निघाला. एका नियमातून दुसरी गोष्ट आपोआप बाहेर आली की समजावं, रचना बरोबर चालली आहे.

पायरी ३: उगम आणि नकाशा

खरं हवामान जागेला आणि वेळेला बांधलेलं असतं. व्हेनेझुएलात काटाटुम्बो नदी माराकाइबो सरोवराला मिळते, त्या भागात वर्षातल्या कितीतरी रात्री विजा कडाडतात. तिन्ही बाजूंचे डोंगर, उबदार पाणी आणि रात्रीचे वारे तिथेच एकत्र येतात. तुमच्या घटनेलाही असा पत्ता द्या.

उणवाऱ्यासाठी आपण एका लांब दरीच्या तोंडाशी, सखल भागात, काळ्या खडकाचा थर ठेवू. खडक ५० अंशांच्या वर तापला की उणेपण सुटतं. एवढं ठरवलं की वेळापत्रक हातात येतं. उघडी जमीन सर्वाधिक तापते ती भर माध्यान्ह उलटल्यावर, म्हणून पट्टा दुपारी एक ते तीनच्या दरम्यान सुटणार. आभाळ भरलेल्या ऋतूत तो क्वचितच येणार. थंडीत येणार नाही.

खडक डोंगरमाथ्यावर ठेवण्याचा मोह टाळा. दिवसा तापलेल्या उतारांवरून वारा दरीतून वर चढतो आणि रात्री थंड हवा खाली उतरते. माथ्यावरचा खडक दुपारी तापेल, पण त्या वेळचा वारा पट्टा गावाकडे आणणार नाही. खडक खाली असेल तर तोच दुपारचा वारा पट्ट्याला दरीत वर ढकलत नेईल. खडकापासून १० किलोमीटर वरच्या गावाला तो तासाभराने पोचेल, २० किलोमीटरवरच्या गावाला दोन तासांनी. नकाशावर दर १० किलोमीटरला एक रेघ मारून ठेवा; पुढे कुठल्या गावात किती वाजता काय चाललंय हे शोधावं लागणार नाही.

पायरी ४: लोकांना चाहूल कशी लागते

इथे उपकरणांची निवड डोळसपणे करा. तराजू उणवारा दाखवणारच नाही, कारण दोन्ही पारडी सारखीच हलकी होतात. ताणकाटा, म्हणजे स्प्रिंगचा वजनकाटा, लगेच दाखवेल. एक मीटरच्या लंबकाला पूर्ण झोक्यासाठी दोन सेकंद लागतात, पट्ट्यात चार लागतील. वाळूचं घड्याळही निम्म्या गतीने रितं होईल. म्हणजे लंबक आणि वाळू दोन्ही एकाच प्रमाणात मंदावतात आणि एकमेकांची चूक पकडू शकत नाहीत. सावलीचं घड्याळ मात्र बरोबर राहतं. व्यापारी ताणकाट्याने माल विकत असेल, तर त्या अर्ध्या तासात बाजार बंद ठेवण्याचा कायदा त्या जगात असायलाच हवा.

गावाच्या इशाऱ्यासाठी एक साधी रचना चालते. लवचीक लाकडाची लांब पट्टी एका टोकाला भिंतीत पक्की करा. दुसऱ्या टोकाला दोन किलोचा दगड बांधा आणि पट्टी २० सेंटिमीटर खाली वाकेल इतपत तिची जाडी ठेवा. वजन पाव झालं की पट्टी १५ सेंटिमीटर वर उसळते. घंटा १५ वर टांगू नका, १० वर टांगा, म्हणजे वजन अर्धं होताच, काठ दोन तृतीयांश आत आला की ठोका पडेल. हे सगळं तीन बाजूंनी बंद कोनाड्यात हवं, नाहीतर साधी वावटळही घंटा वाजवेल. लाकूड जुनं झालं की कायमचं वाकतं. मग दगड घंटेपासून दूर जातो आणि इशारा उशिरा मिळतो. म्हणून दर ऋतूच्या सुरुवातीला दगड काढून पट्टी सरळ होते का, हे पाहणारं कुणीतरी गावात नेमलेलं असावं.

घंटा पट्टा पोचल्यावरच वाजते, म्हणून ती गावाच्या पाच किलोमीटर खाली हवी आणि मध्ये माणसांची साखळी. निशाणांनी निरोप मिनिटा-दोन मिनिटांत येतो, पट्ट्याला अर्धा तास लागतो. मनोऱ्यावरचा पहारेकरी धूळ पाहू शकेल, पण त्याचा मनोरा २० मीटरहून उंच असेल तर माथ्यावर त्याला स्वतःला काहीच जाणवणार नाही. लंबक ठेवायचाच तर तळाशी ठेवा.

पायरी ५: रोजच्या जगण्यावर नियम चालवून पाहा

सर्वाधिक वेळ या पायरीला द्या. घर, वाट, पाणी, विस्तव आणि शरीर, प्रत्येकाला तोच एक नियम लावायचा.

घराचं सूत्र असं निघतं: जे स्वतःच्या वजनाने टिकतं ते धोक्यात, जे बांधलेलं किंवा ठोकलेलं असतं ते सुरक्षित. नुसती रचलेली कौलं उडतील. छपरावर ठेवलेल्या दगडांचा उपयोग नाही. म्हणून या दरीतली छपरं दोरांनी खुंट्यांना आवळलेली असतील, आणि दाराला आतून अडसर असेल. वाऱ्याची ताकद वेगाच्या वर्गाने वाढते. त्यामुळे पाव वजनाच्या माणसाला ढकलायला निम्मा वेगही पुरतो. ताशी ६२ किलोमीटरचा काठावरचा वारा पाय रोवण्याच्या दृष्टीने १२४ चा वाटेल, म्हणजे चक्रीवादळाएवढा. काठ येताना लोक उभे राहत नाहीत. ते जमिनीत रोवलेल्या कशाला तरी धरून बसतात.

विस्तवाचं बहुतेकांच्या ध्यानात येत नाही. गरम हवा वर जाते कारण भोवतालची थंड हवा जड असते. वजन पाव झालं की धुराड्याची ओढही पाव होते, आणि धूर घरात कोंडतो. घंटा वाजली की पहिलं काम चूल विझवण्याचं. ज्योती बुटक्या आणि गोलसर होतात. उकळत्या पाण्यातले बुडबुडे मोठे होतात आणि सावकाश वर येतात. बारीक धूळ खाली बसायला चौपट वेळ घेते, त्यामुळे पट्टा गेल्यावरही मागे वाट धुरकट राहते.

वाटेवर मोठा धोका थांबण्याचा. चाकाची किंवा पायाची पकड वजनावर ठरते, आणि ती पाव झालेली असते. जी गाडी एरवी ५ मीटरांत थांबते ती इथे २० मीटर घसरत जाईल. साध्या चालीनेही पावलं जमिनीवरून सुटतात. चंद्रावर वजन एक षष्ठांश असतं. तिथे उतरलेल्या अंतराळवीरांची चित्रफीत पाहिलीत तर ती उड्या मारत जाण्याची ढब आणि वळताना जाणारा तोल नेमका टिपता येईल. यासारखं तयार अभ्याससाहित्य दुसरं नाही.

नदी संथ होते, आणि वरून येणारं पाणी तेवढंच असल्यामुळे पट्ट्याखालची पातळी चढते. नावा मात्र होत्या तेवढ्याच बुडालेल्या राहतात, कारण नाव आणि पाणी दोन्ही सारखेच हलके होतात. लाटा उंच आणि संथ होतात. पाऊस चालू असेल तर मोठे थेंब, जे एरवी सेकंदाला सुमारे ९ मीटर वेगाने पडतात, ते पट्ट्यात शिरून थोड्याच अंतरात साडेचारवर येतात. वरून येणारे थेंब तेवढेच आणि पडण्याचा वेग निम्मा, म्हणजे जमिनीलगत थेंबांची दाटी दुप्पट. समोरचं दिसेनासं होतं. इंद्रधनुष्य मात्र ४२ अंशांवरच राहतं, कारण ते पाण्यात प्रकाश किती वळतो यावर ठरतं. काय बदलत नाही, हेही लिहिलंत तर बदललेल्यावर विश्वास बसतो.

पाच मीटरांवरून पडलेला माणूस एका सेकंदाऐवजी दोन सेकंदांनी, निम्म्या वेगाने जमिनीवर येतो. एरवीच्या सव्वा मीटरवरून पडल्याएवढाच मार बसतो. म्हणून मुलं धीट होतात. अपघात होतात ते पट्टा सरताना, झाडावर किंवा भिंतीवर असलेल्यांचे.

बाणांबाबत एक बारकावा. कमी कोनात मारलेला बाण चौपट लांब जायला बघतो, तर उंच मारलेला २० मीटरच्या वर गेला की पुन्हा पूर्ण वजनाचा होतो. त्या दरीतला तिरंदाज कोन आखडून मारायला शिकलेला असेल, बाहेरून आलेली फौज नाही. लढाईचा निकाल एवढ्यावर लागू शकतो.

एक काम जवळून: तुळई चढवणं

मधल्या शांत वेळात गावकरी काय करतात, हे दाखवायला बांधकामासारखं काम नाही. २०० किलोची तुळई पट्ट्यात ५० किलोची भासते, म्हणून आठ माणसांचं काम दोघांत होतं. क्रम असा: दोर आधीच बांधून ठेवायचे, आणि तेही पूर्ण २०० किलो पेलणारे. काठ सरून वारा पडल्यावरच उचलायला सुरुवात. तुळई सावकाश हलवायची, कारण एकदा झोका घेतला की तो थांबवायला २०० किलोचंच बळ लागतं. बोटं चिरडतात ती इथेच. दोन्ही टोकांना आडवे दोर धरणारी दोन माणसं वेगळी. वीस मिनिटं होत आली की तुळई जिथे असेल तिथे टेकवायची. परतीचा वारा सुटला की काठ जवळ आला, आणि वजन परत यायला ११ सेकंद पुरतात. तेवढ्यात जे हातात असेल ते चौपट होतं.

पायरी ६: फुकटची ऊर्जा

तुमचा सर्वांत हुशार वाचक इथेच बोट ठेवेल. पट्ट्यात पाणी पाव कष्टात वर चढवायचं आणि पट्टा गेल्यावर खाली सोडून चक्की फिरवायची. ऊर्जा आली कुठून?

काही जण म्हणतात, किंमत उष्णतेत घ्या: उचललेली वस्तू गार पडते. हिशेब करून पाहा. एक लिटर पाणी २० मीटर चढवताना वाचलेली ऊर्जा सुमारे १४७ ज्यूल. तेवढी उष्णता काढली तर ते पाणी ०.०४ अंशसुद्धा गार होत नाही. किंमत द्यायची पण ती कुणाला जाणवायची नाही, अशी ही तडजोड आहे.

दुसरा उपाय सुचतो भरपाईचा: पट्ट्यामागून तेवढाच वेळ वजन पावणेदोन पट व्हावं, म्हणजे सरासरी एक. कागदावर हे न्याय्य दिसतं. पण पाव वजनात चढवलेलं पाणी पावणेदोन पट वजनात खाली सोडलं तर कष्टाच्या सातपट काम मिळतं. भगदाड बुजवायला गेलो आणि ते वाढलं.

आमचं मत स्पष्ट आहे: वाट उघडी ठेवा, ऊर्जा तापलेल्या खडकातून येते असं मांडा, आणि मर्यादा हद्दीच्या आकड्यांना घालू द्या. अंगमेहनत करणारा माणूस सतत सुमारे ७५ वॅटने काम करू शकतो. अर्ध्या तासात तो एरवी जेमतेम ७०० लिटर पाणी २० मीटर चढवेल, पट्ट्यात सुमारे २,७००. घसरण आणि गळती धरून हे कमीच भरेल, पण प्रमाण चौपटीचंच राहील. म्हणजे प्रत्येक गावात २० मीटरच्या आत बसणारी उंच टाकी असेल, घंटा झाली की धडधाकट माणसं रहाटाला लागतील, आणि त्या टाकीच्या मालकीवरून भांडणं होतील. कथेला लागणारी सत्ता, कर, मजुरी इथून मिळते.

पायरी ७: तीव्रतेची मोजपट्टी

१८०५ मध्ये फ्रान्सिस ब्यूफोर्ट यांनी वाऱ्याची मोजपट्टी आखली, ती जहाजाच्या शिडांच्या आधारे. पुढे तिला जमिनीवरच्या खुणा जोडल्या गेल्या: धूर कुठे वळतो, फांद्या किती हलतात. तुमची पट्टीही अशाच डोळ्यांना दिसणाऱ्या खुणांची हवी. उणवाऱ्यासाठी चार पायऱ्या पुरतात. पहिलीत फक्त ताणकाटा सरकतो. दुसरीत उडालेली धूळ खाली बसत नाही. तिसरीत चुलीचा धूर घरात फिरतो. चौथीत सैल कौलं उठतात आणि माणसं खाली बसतात. पूर्ण पाव वजन चौथीतच; आधीच्या पायऱ्या म्हणजे अर्धवट तापलेल्या खडकाचे दिवस.

पायरी ८: पानावर किंवा टेबलावर आणताना

वर काढलेल्या आकड्यांपैकी दहातला एखादाच मजकुरात जावा. घटना प्रथम दाखवताना एका वस्तूवर थांबा. उदाहरणार्थ: ‘पोराने सांडलेलं दूध उंबऱ्यावरून खाली यायला वेळ लावत होतं. आजीने ते पाहिलं आणि चुलीतली लाकडं ओढून बाहेर काढली.’ नियम सांगितलेला नाही, पण दूध आणि लाकडं दोन्ही त्याच नियमाने वागली.

खेळात गेम मास्टरने, म्हणजे खेळ चालवणाऱ्याने, सगळी गणितं मांडत बसू नये. एका कार्डावर पाच ओळी पुरतात: उडीची उंची चौपट, पडण्याचा मार उंचीच्या पावाइतका, थांबायला चौपट अंतर, ढकलणारा वारा निम्मा पुरतो, धडकेचा मार पूर्ण. शेवटची ओळ ठळक लिहा, खेळाडू तीच विसरतात.

याच जगात दुसरी जादुई घटना आणायची असेल, तर तिला उणवाऱ्याच्या पट्ट्यात उभी करून आधी कागदावर तपासा. दोन्ही एकाच दुपारी एकाच गावावर आल्या तर घंटेची पट्टी कुठे वळते, धूर कुठे जातो, टाकीतलं पाणी काय करतं, या तिन्हींची उत्तरं निघाली की ती घटना नकाशावर टाका.